बोदोने केलं

दिघेकाका मला पहिल्यांदा दिसले ते आमच्या ब्लॉकखालच्या सूचनाफलकाला जवळजवळ नाक टेकवून उभे असलेले. सिंगापूरच्या चोआ चू कांगमध्ये सकाळी आठ वाजता एमआरटीची गाडी गाठायची सोडून कुणी सूचनाफलक वाचत बसत नाही. वाचलाच तर हातात लाल पेन घेऊन वाचत नाही. कुणाचा तरी पोपट हरवला होता, त्याची जाहिरात लागली होती, आणि मालकाने दुःखाच्या भरात 'पॅरट'मधला एक 'आर' गाळला होता. काकांनी तिथे अक्षरांच्या खाली टोपीसारखं एक इवलंसं चिन्ह काढलं आणि समासात सुबक 'आर' लिहिला.

"शी, शी! पोपट हरवला तो हरवला, वर स्पेलिंगही हरवलं," ते पुटपुटले. माणूस आपल्याकडचा आहे, हे मला त्यावरून कळलं.

"काका, इथे फलकावर असं लिहिलेलं चालत नाही. दंड करतील," मी म्हटलं.

त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "म्हणजे चुकीला माफी आणि दुरुस्तीला दंड?"

दोन दिवसांनी पोपट सापडला. त्याचं श्रेय काका शेवटपर्यंत त्या 'आर'ला देत असत.

प्रभाकर वामन दिघे पुण्याच्या एका छापखान्यात उभा जन्म मुद्रितशोधक होते. निवृत्तीनंतर ते आणि काकू मुलाकडे सिंगापूरला आले. मुलगा अमोल बँकेत, सून तेवढीच कामात. ते सगळे अकराव्या मजल्यावर, मी नवव्या. मी आमच्या मराठी मंडळाचा दिवाळी अंक काढते हे कळल्यावर काकांनी माझं नाव टाकून दिलं आणि मला 'संपादकबाई' म्हणायला सुरुवात केली. मी कौतुकाने त्यांना आदल्या वर्षीचा अंक दिला. चार दिवसांनी तो परत आला तेव्हा त्याला गोवर आला होता. पानापानावर लाल ठिपके. माझ्या संपादकीयात तर पांढरी जागाच उरली नव्हती. "संपादकबाई, छापून आलं म्हणजे बरोबर झालं, असं नसतं हो," ते मायेने म्हणाले. मी आठवडाभर लिफ्टऐवजी जिना वापरला.

काकूंची ओळख मात्र आवाजाने झाली. त्यांच्या दाराशी उभी होते आणि आतून ऐकू आलं: "आई, स्वल्पविराम, आज यायला उशीर होईल, पूर्णविराम. जेवून घ्या, उद्गारचिन्ह." अमोलचा व्हॉट्सॲप आला होता, तो काकू मोठ्याने वाचत होत्या. मला वाटलं, थट्टा चालली आहे. थट्टा नव्हती. छापखान्यात प्रुफं तपासायला दोन माणसं लागत. एकाने मूळ हस्तलिखित मोठ्याने वाचायचं, काना, मात्रा, विरामचिन्हांसकट, आणि दुसऱ्याने छापील कागदावर दुरुस्त्या करायच्या. वाचणाऱ्याला कॉपी-होल्डर म्हणत. काकू लग्नाआधीपासून काकांच्या कॉपी-होल्डर होत्या. समोरासमोर दोन खुर्च्या, मध्ये एक टेबल. लग्नात तेवढा फक्त अंतरपाट आला, असं काकू सांगत.

त्या काळातली काही पुस्तकं काकांनी सोबत आणली होती. आत, नाव छापायच्या पानाच्या मागे, बारीक अक्षरात असायचं: 'मुद्रितशोधन: प्र. वा. दिघे'. एकदा मी सहज विचारलं, "काकू, तुमचं नाव कुठे आहे?"

"वाचणाऱ्याचं नाव छापायची पद्धत नव्हती," काकू म्हणाल्या. "मी विचारलं होतं एकदा. हे म्हणाले, पद्धत नाही." मग हसून पोह्यांवर कोथिंबीर घालायला लागल्या. पण विचारलं होतं हे त्यांनी मला सांगितलं, हे मी लक्षात ठेवलं.

आता शारोदी इल्काबद्दल सांगायला हवं, कारण काकांना ओळखून तिला न ओळखणं शक्यच नव्हतं. काका छापखान्यात नवीन असताना सिनेमाच्या एका वार्षिकाचं काम आलं. त्यात जागा भरायला कुणीतरी खणातला एका फोटोचा जुना छपाईचा ब्लॉक काढून लावला. परदेशी नटी, तिरपी टोपी, आणि हातातून नुकताच सुटलेला कपबश्यांचा ट्रे. कपबश्या अजून हवेत आहेत आणि बाई कॅमेऱ्याकडे बघून हसते आहे. खाली मथळा नाही. काका मालकाकडे गेले, फोरमनकडे गेले, कुणाला तिचं नाव ठाऊक नव्हतं. शेवटी 'एक विदेशी नटी' असं छापून अंक गेला. काकांच्या आयुष्यात त्यांनी स्वतःच्या हाताने सोडलेली ही पहिली चूक. त्या पानाचं प्रूफ त्यांनी जपून ठेवलं आणि बायकोला, मुलाला, सुनेला आणि पुढे मला दाखवून एकच वाक्य म्हटलं: "मथळा अपुरा आहे."

सिंगापूरला आल्यावर अमोलने ते चित्र कॉम्प्युटरवर चढवलं आणि एका रविवारी, पन्नासेक वर्षांनी, बाईचं नाव सापडलं. हंगेरीची नटी, दोन महायुद्धांच्या मधल्या काळातली. हंगेरियन लोक आडनाव आधी लावतात, म्हणून काकाही हट्टाने शारोदी इल्काच म्हणायचे. "इथल्या चिनी लोकांचं नाही का, आडनाव आधी? आणि आपल्या शाळेचा हजेरीपट? दिघे प्रभाकर वामन! सुसंस्कृत माणसं असंच लिहितात." मंडळात त्यांनी हा विषय काढला तेव्हा एक आजोबा कानाला हात लावून म्हणाले, "सरोदे? कुठले? नाशिकचे का?"

मग काका हंगेरियन शिकू लागले. कोश आणला, व्याकरण आणलं. ही भाषा मराठी माणसासाठीच केली आहे, असं त्यांचं ठाम मत झालं. "त्यांच्यात दोन 'च' आहेत. इंग्रजाला जन्मात जमायचे नाहीत. तुम्ही 'चिंच' म्हणा पाहू, संपादकबाई. पहिला च निराळा, दुसरा निराळा. झालं! आलं हंगेरियन!" वडलांना ते लोक 'आपा' म्हणतात हे कळल्यावर तर काकांना भरूनच आलं. "आपा! आमच्या शेजारी आप्पा जोशी होते. आणि खिशाला काय म्हणतात? झेब! जेब नाही का?"

जुन्या हंगेरियन सिनेमासिकांची पानं इंटरनेटवर होती. काका ती छापून आणत. मग अकराव्या मजल्यावर पुन्हा दोन खुर्च्या समोरासमोर लागल्या. एक अक्षर कळत नसताना काकू वाचायच्या, "एस, ए, वर तिरकी रेघ, आर, ओ," आणि काका लिहून घ्यायचे, कोश चाळायचे आणि दोन वाक्यांचा अर्थ लावायला एक दुपार घालवायचे. अशा कितीतरी दुपारींतून इल्काबाईंची कारकीर्द उभी राहिली. बाई मूकपटांत अनाथ मुलगी म्हणून आल्या. रडणं जमेना. पहिल्याच चित्रपटात रडता रडता हातातला दिवा पडला आणि थिएटर हसलं. तिथून त्यांचं नशीब उघडलं. पुढे प्रत्येक चित्रपटात इल्काबाई प्रवेश करायच्या त्या काहीतरी पाडूनच, आणि पाठोपाठ स्वतः पडूनच. कधी छत्र्या, कधी टाइपरायटर, एकदा तर कुणाचा विवाहसोहळ्याचा केक. बोलपट आले, आवाज जरा घोगरा निघाला, लोकांना तोही आवडला. स्वयंपाकघरात काकूंच्या हातून झाकण पडलं की काका बाहेरून ओरडायचे, "आली इल्का!"

आणि ऐन भरात असताना बाई नाहीशा झाल्या. एका मासिकात लग्नाचा फोटो. नवरा बोदो नावाचा, छत्र्यांचा कारखानदार, लांब मिशीचा, घाबरलेल्या चेहऱ्याचा. त्यानंतर एकाही चित्रपटाच्या नामावळीत शारोदी इल्का नाही. त्याऐवजी नामावळीच्या शेवटी दर वेळी एक ओळ: पोशाख, आणि पुढे 'बोदोने'.

"बघा, बघा!" काका ती ओळ मला बोटाने दाखवायचे. "पोशाख बोदोने! शुद्ध तृतीया. ने, ए, शी. कर्त्याला 'ने' प्रत्यय. आपा घेतला, झेब घेतली, तिथे आपला 'ने' घेतला तर नवल काय? या गृहस्थाने काय केलं, बायकोला घरी बसवलं आणि तिच्या ओळखीवर स्टुडिओत शिरून स्वतः कपडे शिवत बसला. छत्रीवाला मेला!"

काकूंनी एकदा त्यांना अडवलं होतं, मी तिथे होते. हातातलं पान खाली ठेवून त्या म्हणाल्या, "अहो, पण छायाचित्रणाच्या माणसाला 'ने' नाही. संगीताच्या माणसाला नाही. दिग्दर्शकालाही नाही. ह्या एकट्यालाच का?"

"छापखान्याची चूक. बाकीच्यांचा प्रत्यय गळलाय."

"सगळ्यांचा गळला आणि एकट्याचाच राहिला?"

"अगं, तू वाच. तपासायचं काम माझं," काका म्हणाले. आणि खरोखर लाल पेन घेऊन त्यांनी त्या पानावरच्या समस्त हंगेरियन पुरुषांपुढे टोपीसारखं चिन्ह काढून एकेक 'ने' बसवला. त्या चिन्हाला काकपद म्हणतात. गाळलेलं अक्षर परत घ्यायची खूण. काकूंनी पान उचललं आणि पुढची ओळ वाचायला घेतली.

आठ वर्षं बोदो त्या घरात राहिला. फ्यूज उडाला, बोदोने केलं. दूध उतू गेलं, बोदोने केलं. अमोलची बढती हुकली तेव्हा काकांनी एकच शब्द उच्चारला आणि अमोलने मान हलवली. खाली कॉफीशॉपमध्ये काकांना रोज कोपी, म्हणजे इथली कॉफी, देणारी आंटी होती. काका तिच्यापाशीही बोदोच्या तक्रारी करायचे, आणि ती बिचारी समजत होती की बोदो कुणी वरच्या मजल्यावरचा त्रासदायक शेजारी आहे. "अंकल, दॅट बोदो स्टिल डिस्टर्ब यू आह?" ती विचारायची. "टेल युअर सन लाह! यू सो ओल्ड, डोन्ट फाइट!"

मागच्या वर्षी काकांच्या हृदयाचं दुखणं निघालं. डॉक्टरांनी जिने, मीठ आणि चिडणं बंद करायला सांगितलं. पहिली दोन त्यांनी सोडली. मला बोलावून म्हणाले, "संपादकबाई, या दिवाळी अंकात माझा लेख घ्या. इल्काबाईंवर. आणि अंकाच्या आधी मंडळात बोलूनही टाकतो. पण एक अडचण आहे. बोदोने घरी बसवल्यावर बाईंचं काय झालं, ते सापडत नाही. त्यांच्या नावापुढे मला प्रश्नचिन्ह टाकावं लागेल. मी नावापुढे प्रश्नचिन्ह टाकून गेलो तर बरं दिसणार नाही." 'गेलो' त्यांनी अगदी साधेपणाने म्हटलं. काकू खिडकीशी तांदूळ निवडत होत्या. त्या तांदळात एकही खडा नसतो.

मला तेव्हा युदित आठवली. जुरोंग ईस्टच्या आमच्या ऑफिसात माझ्या पलीकडच्या टेबलावर बसणारी, बुडापेस्टची. इतकी वर्षं मला हे सुचलं कसं नाही, ते विचारू नका. दोन वर्षं मी तिला पोलिश समजत होते. व्याख्यानाच्या आधीच्या रविवारी मी तिला दिघ्यांकडे जेवायला घेऊन गेले.

काकांनी तिचं स्वागत हंगेरियनमध्ये केलं. ती अतिशय सभ्य मुलगी आहे, तिने ते तीनदा ऐकून घेतलं. काकूंची साबुदाण्याची खिचडी तिने दोनदा घेतली. मग काकांनी फाइल उघडली आणि इंग्रजीत बोदोवर आरोपपत्र वाचायला सुरुवात केली. छत्र्या, मिशी, विश्वासघात. युदित पानं उलटत होती. एका पानावर ती थांबली. ते चष्म्याजवळ नेलं, लांब नेलं, आणि अचानक तोंडावर हात दाबून हसू लागली. खिचडी घशात जाईल की काय, असं झालं.

"हे कुणी केलं?" तिने डोळे पुसत विचारलं. "या सगळ्या पुरुषांना त्यांच्या बायका कुणी केलं?"

आम्हाला कुणालाच कळेना. तिने काकांच्या लाल अक्षरांवर बोट ठेवलं. "हा छायाचित्रकार होता. तुम्ही याला छायाचित्रकाराची बायको केलंय. हा संगीतकार, याची बायको. दिग्दर्शकाची बायको. आमच्याकडे नवऱ्याच्या नावाला 'ने' लावला की त्याची बायको होते. माझी आजी कोवाच आजोबांची बायको, म्हणून कोवाचने. हा बोदो नाही. ही बोदोने आहे. मिसेस बोदो."

काकांचं बोट हवेतच राहिलं होतं. मला आधी त्यांच्या हृदयाची काळजी वाटली.

"म्हणजे पोशाख..." ते म्हणाले.

"शारोदी इल्काने केले," काकू म्हणाल्या. आणि 'ने'वर त्यांनी जरा जोर दिला.

ती कुठे गेलीच नव्हती. आठ वर्षं दर पानाच्या शेवटी होती. युदितने फोनवर बोदोने या नावाने शोधायला घेतलं आणि अर्ध्या तासात बाई सापडल्या. कपडेपटाच्या प्रमुख होत्या, पुढे एका नाटकगृहात म्हातारपणापर्यंत शिवणकाम शिकवत. एक जुनी मुलाखतही निघाली. युदितने तिचा अर्थ सांगितला: मला सगळे विचारतात की अभिनय का सोडलास. पडून पडून माझे गुडघे गेले, म्हणून सोडला. नवरा बिचारा नको म्हणत होता, त्याला माझे सिनेमे आवडायचे.

काकांनी फाइल पुन्हा जवळ ओढली. मग बोदोच्या लग्नाच्या फोटोपुढे त्यांनी हात जोडले. "बोदो, माफ कर रे बाबा. अमोलच्या बढतीचंसुद्धा मागे घेतो." आम्ही सगळे हसलो, तेही हसले. हसून झाल्यावर त्यांनी काकूंकडे पाहिलं. "तू म्हणाली होतीस."

"मी फक्त वाचते," काकू म्हणाल्या आणि ताटं उचलायला उठल्या. ते त्यांनी रागाने म्हटलं असतं तर काकांना सोपं गेलं असतं.

मंडळाच्या व्याख्यानाला चाळीसेक माणसं होती, निम्मी नंतरच्या वड्यांसाठी. काकांनी चूक लपवली नाही. लाल अक्षरांचं पानच पडद्यावर दाखवलं आणि पुरुषांच्या बायका कशा केल्या ते असं रंगवून सांगितलं की हॉल हसून लोळला. 'सरोदे, नाशिकचे का?' विचारणारे आजोबाही होते. शेवटी काका गंभीर झाले. म्हणाले, "ही चूक शोधकाची. वाचकाची नव्हे. वाचकाने बरोबर शंका काढली होती, ती मी दाबली. तो वाचक इथे बसला आहे." त्यांनी काकूंकडे हात केला. "ही माझी... ही आमची... दिघेने!"

टाळ्या पडल्या. काकू उभ्या राहिल्या. पदर सारखा केला आणि माइक नसतानाही मागच्या रांगेला ऐकू जाईल अशा, छापखान्यात तावून निघालेल्या आवाजात म्हणाल्या, "मला नाव आहे."

लोक आणखी हसले. बायकोला काका जन्मभर 'अगं' म्हणत आले होते, पाकिटावर 'सौ. दिघे' लिहीत आले होते. पासपोर्ट, इथे राहायचा पास, बँक, सगळे अर्ज काकूच भरत. चाळीस माणसांसमोर त्यांना तिचं नाव घ्यायची वेळ आयुष्यात पहिल्यांदा आली होती. "अं... सौ. दिघे," ते कसेबसे म्हणाले आणि पाणी प्यायले. परतीच्या एमआरटीत ते माझ्या शेजारी बसले होते. काकू दारावरच्या पाट्या वाचत होत्या. "पुढील स्थानक चोआ चू कांग, पूर्णविराम," त्या म्हणाल्या, आणि आम्ही उतरलो.

लेखाची पानं मी त्यांना कागदावर छापून दिली, कारण पडद्यावर वाचलेलं प्रूफ ते प्रूफच मानत नसत. दहा दिवसांत परत देतो म्हणाले. आठव्या दिवशी दुपारी खुर्चीत बसल्या बसल्या गेले. काकू समोरच्या खुर्चीत होत्या. वाक्य संपवून त्यांनी "पूर्णविराम" म्हटलं आणि वर पाहिलं, तर काकांनी ऐकलं नव्हतं. हे मला काकूंनीच सांगितलं, आणि सांगताना त्यांचा आवाज अजिबात हलला नाही. माझाच हलला. मंडाईच्या दाहगृहातून परत आल्यावर कॉफीशॉपची आंटी वर आली होती, हातात पिशवीतली कोपी घेऊन. "अंकल विन ऑर नॉट?" तिने हळूच विचारलं. "दॅट बोदो केस?" मी म्हटलं, मिटली. ती म्हणाली, "गुड, गुड," आणि रडली.

तेरावा झाल्यावर काकूंनी मला वर बोलावलं. टेबलावर लेखाची पानं होती. "अंकाला उशीर होतोय तुझ्या. शेवटची दोन पानं राहिली होती, ती मी एकटीने तपासली आहेत. बघून घे." चित्राखाली मथळा आता पुरा होता. 'शारोदी इल्का, नंतर बोदोने. नटी आणि वेशभूषाकार.' प्रश्नचिन्ह नाही.

मग मी पहिलं पान पाहिलं. लेखाच्या नावाखाली मी छापलं होतं 'प्र. वा. दिघे'. त्यापुढे लाल शाईत काकपद होतं, आणि समासात, काकांच्या अक्षरात: 'व कुमूद दिघे'.

"काकू, हे पाहिलंत?"

त्यांनी पाहिलं नव्हतं. पहिलं पान दोघांनी मिळून आधीच तपासून संपवलं होतं, ते परत कोण उघडणार? ही दुरुस्ती काकांनी नंतर केली होती, त्या स्वयंपाकघरात असताना, गुपचूप. काकूंनी चष्मा लावला. पान हातात घेतलं. बराच वेळ त्या तीन अक्षरांकडे बघत राहिल्या. मला वाटलं आता त्या रडतील, आणि मी खुर्ची जवळ ओढली.

"दीर्घ काढलाय," काकू म्हणाल्या.

"काय?"

"म ला दुसरा उकार. तत्सम शब्द आहे, ऱ्हस्व हवा. दुसऱ्यांच्या हजारो पानांत ही चूक पकडली यांनी." त्या हसायला लागल्या, आणि हसता हसता मग रडल्या. "माझ्याकडून वाचून नाही ना घेतलं. म्हणून चुकलं."

मलाही पुढचं धड दिसत नव्हतं. मी म्हटलं, "काकू, तसंच छापू या ना. त्यांच्या हातचं आहे."

काकूंनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं, अगदी काकांसारखं. "यांच्या लेखात? चूक? पेन घे."

मी त्यांच्या समोरच्या खुर्चीत बसले. तिथे मी याआधी कधी बसले नव्हते. टेबलावर लाल पेन होतं, ते उघडलं. काकूंनी पान उजेडाकडे धरलं, घसा साफ केला आणि स्वच्छ, मोठ्या आवाजात वाचलं:

"क, त्याला पहिला उकार. म, त्याला पहिला उकार. द."

मी लिहून घेतलं.